अंजनेरीबद्दल लोक सारखं विचारतात ते प्रश्न

नाशिकमध्ये राहतो आणि अंजनेरीला वर्षातून दहा-बारा वेळा तरी जाणं होतं, त्यामुळे ओळखीतलं कुणी ना कुणी कायम काहीतरी विचारत असतं. कुणाला दर्शनाला जायचं असतं, कुणाला फुलं बघायची असतात, कुणाच्या घरच्या आजींना पायऱ्या चढवतील का एवढंच हवं असतं. तीच तीच उत्तरं फोनवर देण्यापेक्षा एकदा नीट लिहून ठेवतोय. लांबलंय थोडं, पण ज्याला जे हवं ते वाचा.

अंजनेरी म्हणजे नक्की कुठला डोंगर? ब्रह्मगिरीच ना?

नाही, दोन्ही वेगळे. नाशिकहून त्र्यंबकेश्वरला निघालात की साधारण वीस किलोमीटरवर अंजनेरी गाव लागतं आणि डाव्या हाताला जो आडवा पसरलेला मोठा थोरला डोंगर दिसतो, वर सपाट आणि कडेने काळे कातळकडे, तो अंजनेरी. ब्रह्मगिरी पुढे, त्र्यंबक गावाच्या डोक्यावर, जिथे गोदावरी उगम पावते तो. दोघं एकाच त्र्यंबक रांगेतले, शेजारीशेजारीच म्हणा ना. अंजनेरीची उंची समुद्रसपाटीपासून साधारण १३०० मीटर, म्हणजे फुटांत सव्वाचार हजारांच्या आसपास. गडकोटांच्या यादीत याचं नाव किल्ला म्हणून असतं पण तटबंदी, बुरूज असलं काही बघायला मिळेल अशा अपेक्षेने जाऊ नका. या डोंगराला कडे हीच तटबंदी.

मारुतीचा जन्म खरंच इथेच झाला का?

हा सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न, म्हणून जरा नीट सांगतो.

आमच्याकडची श्रद्धा अशी की अंजनीमातेने या डोंगरावर तप केलं आणि मारुतीरायाचा जन्म इथला, म्हणून डोंगराचं नाव अंजनेरी. याला पुराणातला आधारही आहे. ब्रह्मपुराणात गोदावरीकाठच्या तीर्थांचं वर्णन करणारा गौतमी माहात्म्य नावाचा भाग आहे, त्यात ब्रह्मगिरीच्या बाजूला असलेल्या अंजन पर्वताची गोष्ट येते. अंजना ही मूळची अप्सरा, शापामुळे तिला वानराचं तोंड मिळालं, तिची सवत अद्रिका, तिला मांजराचं, दोघी केसरीच्या बायका आणि दोघी या डोंगरावर राहायच्या. ही सवतीची गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते, मीही फार उशिरा वाचली.

आता दुसरी बाजू. कर्नाटकात हंपीजवळ आनेगुंदीला अंजनाद्री आहे, तिथले लोक रामायणातली किष्किंधा तीच म्हणतात आणि जन्मस्थानही तेच म्हणतात. तिरुमला देवस्थानाने २०२१ साली रामनवमीला जाहीर केलं की तिरुमलाच्या सात टेकड्यांतली अंजनाद्री हेच जन्मस्थान. झारखंडात गुमला जिल्ह्यात आंजन नावाचं गाव आहे, त्यांचीही तीच श्रद्धा, आणि गोकर्णाचंही नाव घेतलं जातं. २०२२ च्या मे महिन्यात या विषयावर नाशिकला धर्मसंसद भरली होती, ती वादावादीतच संपली.

मला विचाराल तर मी भांडायला जाणार नाही. अंजनेरी गावातली म्हातारी बाई पहाटे उठून डोंगराकडे बघून हात जोडते, तिला कुठल्या सभेचा निकाल लागायची गरज नाही. आणि मारुतीची जन्मगोष्ट इतक्या ठिकाणी लोकांनी आपल्या डोंगराशी जोडून घेतलीय यात मला तरी त्या देवाबद्दलची मायाच दिसते.

वर देऊळ कुठलं आहे?

अंजनीमातेचं. हे लक्षात ठेवा, मारुतीची देवळं गावोगाव आहेत, वेशीवर आहेत, पारावर आहेत, पण आईचं देऊळ किती बघितलंत? पहिल्या पठारावर एक देऊळ लागतं आणि अगदी माथ्यावर दुसरं. अंजनीमाता आणि तिच्यापाशी बाळ मारुती. आपल्याला मारुती म्हटला की गदा, द्रोणागिरी, लंका असलं आठवतं आणि इथे तो आईजवळचं लेकरू आहे. मला या डोंगरावर कायम आईच्या घरी गेल्यासारखं वाटतं ते बहुतेक त्यामुळेच.

पहिल्या देवळाच्या पुढे पठारावर तळं आहे. उंचावरून त्याचा आकार पावलासारखा दिसतो, म्हणून लोक म्हणतात बाळ मारुतीने सूर्याकडे झेप घेताना जिथे पाय रोवला तिथे हे तळं झालं. त्याच बाजूला सीतागुंफा नावाची कातळात खोदलेली गुहा आहे, आत वाकून जावं लागतं, मोबाईलचा टॉर्च लागतो.

चढायला किती वेळ लागतो? वयस्कर माणसांना जमेल का?

गावातून वर एक रस्ता जातो, तो वनखात्याच्या नाक्यापाशी आणि पार्किंगपाशी संपतो. तिथून पायी. आधी झाडीतली वाट, मग दोन कड्यांच्या मधल्या घळीतून पायऱ्या. पायऱ्या बांधलेल्या आहेत, काही ठिकाणी उंच आहेत, पण अवघड म्हणावी अशी जागा नाही. रोजची चालायची सवय असेल तर अर्ध्या-पाऊण तासात पठार, तिथून दहा-पंधरा मिनिटांत पहिलं देऊळ, आणि मग दुसरा टप्पा चढून माथ्यावर. सगळं धरून जायला दीड ते दोन तास, उतरायला थोडा कमी.

गुडघे दुखत असतील त्यांनी पहिल्या देवळापर्यंतच जावं, तिथेही अंजनीमाताच आहे, दर्शन पूर्णच होतं. घाई करू नका, घळीत दर वीस-पंचवीस पायऱ्यांवर टेकत टेकत सत्तरीतले लोक चढताना मी किती वेळा बघितलेत. पाणी माणशी दोन लिटर घ्या. पठारावर उन्हाळ्यात सावली जवळजवळ नाही हेही आत्ताच सांगून ठेवतो.

वाटेत जैन लेणं आहे म्हणतात, ते कुठे?

घळीतल्या पायऱ्या चढताना कड्यातच आहे, आणि निम्मे लोक धापा टाकत तसेच पुढे जातात, लक्षच जात नाही. थांबा तिथे. आत जैन तीर्थंकर पार्श्वनाथांची मूर्ती आहे, डोक्यावर नागाचा फणा असलेली, दगडात कोरलेली. बाहेर माणसांचा गलका चालू असतो आणि आत दोन मिनिटं बसलात की एकदम गार आणि शांत. मूर्तींना हात लावू नका, शेंदूर, हळद, तेल काही लावू नका. चांगल्या भावनेनेच लावतात लोक, पण हजार-आठशे वर्षांच्या दगडाला ते सोसत नाही, आणि हे दुसऱ्या परंपरेचं पूज्य स्थान आहे, त्यांची पूजेची पद्धत वेगळी असते.

पायथ्याच्या गावात जुनी देवळं आहेत का? आम्हाला तर काहीच दिसलं नाही.

कारण तुम्ही फाट्यावरून थेट वर गाडी नेलीत. सगळे तेच करतात.

अंजनेरी गावाच्या आसपास शेतांमधून, झाडाझुडपांमधून मध्ययुगीन देवळांचा एक अख्खा समूह आहे, भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखालचा, सोळा देवळं धरतात त्यात. काही हिंदू, काही जैन. काही बऱ्यापैकी उभी, काहींचं नुसतं जोतं आणि दोन खांब शिल्लक. साधारण अकराव्या-बाराव्या शतकातली, म्हणजे देवगिरीच्या यादवांच्या घराण्याच्या काळातली. एका बाजूला भाताचं खाचर, त्याच्या बांधाला टेकून मोडलेली द्वारशाखा म्हणजे दाराची कोरीव चौकट, तिच्यावर कीर्तिमुख म्हणजे सिंहासारखं कोरलेलं तोंड, आणि त्याच्यावरून मुंगळ्यांची रांग चाललेली, असं दृश्य मी स्वतः बघितलंय आणि खूप वेळ तिथून हललो नव्हतो.

यातल्या एका जैन देवळात शिलालेख मिळाला. शके १०६३ चा, म्हणजे इसवी सन ११४२ च्या आसपासचा, यादव राजा सेऊणचंद्र तिसरा याच्या काळचा. आठवे तीर्थंकर चंद्रप्रभ यांच्या देवळाला दिलेल्या दानाची त्यात नोंद आहे आणि दानात काय, तर दुकानाचं उत्पन्न. विचार करा, म्हणजे इथे तेव्हा दुकानं होती, व्यापारी होते, बाजारपेठ होती. आज आपण ज्याला डोंगराच्या पायथ्याचं छोटं गाव म्हणतो ते साडेआठशे-नऊशे वर्षांपूर्वी भरलेलं गाव होतं.

त्याच्याही आधीचं काही मिळालंय का?

मिळालंय, आणि हा माझा सगळ्यात आवडता भाग आहे.

अंजनेरीत ताम्रपटांचे दोन संच सापडले. हरिश्चंद्र वंशातला भोगशक्ती नावाचा राजा, बदामीच्या चालुक्यांचा मांडलिक, त्याने दिलेले. एकावर कलचुरी संवत ४६१ आहे, म्हणजे इसवी सन ७१० च्या सुमाराचं. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी ते वाचून प्रसिद्ध केले. आता राजाने देवाला गावं दिली हे बहुतेक ताम्रपटांत असतंच, पहिल्या संचातही नारायणाच्या देवळासाठी दिलेलं दान आहेच. दुसऱ्यात मात्र वेगळंच आहे. समगिरीपट्टण नावाचं एक ओस पडलेलं गाव राजाने परत वसवलं आणि तिथल्या व्यापाऱ्यांना सवलती लिहून दिल्या. त्यांच्याकडून जकात घ्यायची नाही. कुणी मूलबाळ नसताना वारला तर त्याची मालमत्ता सरकारजमा करायची नाही. राजाच्या अधिकाऱ्यांचा मुक्काम आणि जेवणखाण गावाच्या गळ्यात मारायचं नाही. आणि पुढे कुठल्या गुन्ह्याला किती दंड तेही.

तेराशे वर्षांपूर्वी ओस पडलेलं गाव परत उभं करायचं तर लोकांना काय लागतं हे त्या माणसाला इतकं बरोबर कळलं होतं. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा दोनदा परत वाचलं.

अजून एक. यातल्या पहिल्या पटात कृष्णराजरूपक अशा नाण्यांचा उल्लेख येतो. कलचुरी राजा कृष्णराजाची ही चांदीची छोटी नाणी, तो राजा सहाव्या शतकातला, म्हणजे मधे जवळजवळ दीडशे वर्षं गेली तरी व्यवहारात त्याच्या नाण्याचं नाव चालू होतं. आणि योगायोग बघा, नाण्यांचा अभ्यास करणारी देशातली नावाजलेली संस्था आणि तिचं नाणेसंग्रहालय याच अंजनेरीच्या पायथ्याशी आहे, संस्था १९८० ची. मुलं बरोबर असतील तर तिथे जरूर न्या.

राघोबादादा इथे राहायचे का?

उन्हाळ्यात हवा पालटायला यायचे असं जुन्या नोंदींत आहे. मुक्काम नाशिकजवळ आनंदवल्लीला, आणि ऊन वाढलं की अंजनेरी. पुढे इंग्रजांच्या काळात नाशिकचे साहेब लोक आणि मिशनरी हेच करायचे, वर बंगले बांधले होते त्यांनी. नाशिकपेक्षा वर गार असतं हे खरंच, एप्रिलमध्ये संध्याकाळी पठारावर वारा सुटला की कळतं.

अंजनेरीचं ते खास फूल कुठलं? कधी दिसतं?

कंदीलपुष्प वर्गातलं, शास्त्रीय नाव सेरोपेजिया अंजनेरिका. कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठातले वनस्पतिशास्त्रज्ञ श्रीरंग यादव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ मध्ये ही जात जगासमोर आणली, इथूनच, म्हणून नावात अंजनेरी. म्हणजे एका अर्थी हे फूलसुद्धा अंजनीचंच नाव लावतं.

झाड कंदावर जगतं. आठ महिने जमिनीखाली कंद नुसता पडून असतो, वर काही दिसत नाही, पाऊस पडला की उगवतं, ऑगस्ट-सप्टेंबरकडे फुलतं आणि परत गडप. फूल म्हणजे खाली फुगीर, मधे नळी आणि वर पाकळ्यांची टोकं जुळून झालेला छोटासा पिंजरा, अगदी कंदिलासारखा. या फुलांची करामत अशी की वासाने बारीकशा माश्या आत येतात, नळीत खाली वळलेले केस असतात, त्यामुळे आत शिरायला सोपं आणि बाहेर यायला वाट नाही. माशी आत अडकते, धडपडते, तिच्या अंगाला पराग चिकटतात, मग फूल सुकायला लागलं की केस मऊ पडतात आणि माशी सुटते आणि जाऊन दुसऱ्या फुलात शिरते. मी एकदा गवतात पालथा पडून एक फूल बघत होतो, आत काहीतरी काळं हलत होतं, टाचणीच्या डोक्याएवढं. अर्धा तास गेला, ते काही बाहेर आलं नाही. नंतर वाचल्यावर कळलं की ते त्या दिवशी बाहेर येणारच नव्हतं.

मग आम्हाला ते कुठे उगवतं ते सांगा ना, फोटो काढायचाय.

जागा सांगणार नाही, रागावू नका. झाडं मोजकी आहेत, आणि नेमकी जागा जाहीर झाली की काय होतं ते मी सह्याद्रीत दुसरीकडे बघितलंय, एका फोटोसाठी आजूबाजूचं सगळं गवत तुडवून साफ, आणि कुणीतरी कंद उकरून घरी कुंडीत लावायला नेलेला. कुंडीत ते तगलं तरी बी धरणार कसं? ज्या माशा त्याला लागतात त्या तुमच्या बाल्कनीत कुठून येणार?

पठारावर पायवाटेच्या कडेनेच चालत राहा. सप्टेंबरमध्ये सोनकी पिवळीधमक फुललेली असते, तेरडा असतो, कवला असतो, आणि जिथे कातळावर पाणी झिरपतं तिथे निळसर जांभळी सीतेची आसवं. इवलीशी दिसतात पण किडे खाणारी वनस्पती आहे ती, जमिनीखालच्या मुळांसारख्या धाग्यांवर बारीक फुग्यांसारख्या पिशव्या असतात त्यात पाण्यातले सूक्ष्म जीव ओढून घेते, कारण कातळावरच्या मातीत तिला पोसणारं फारसं काही नसतं. सीतागुंफेच्या डोंगरावर सीतेची आसवं, हे मला दरवर्षी नव्याने सुचतं आणि दरवर्षी बरोबरच्याला सांगतो.

कारवी इथेही आहे. ती सात-आठ वर्षांनी एकदा फुलते, तेव्हा उतार जांभळे होतात.

पठार तर नुसतं उजाड दगड आहे, मग जैवविविधता कशाची?

हा गैरसमज फार मोठा आहे आणि याच्यापायीच नुकसान होतं. लोकांना झाडं म्हणजेच निसर्ग वाटतो. अंजनेरी लाव्हाच्या बेसाल्ट खडकाचा, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. वर कातळ, त्याच्यावर कुठे वीतभर माती तर कुठे बोटभर. उन्हाळ्यात हात टेकवला तर चटका बसतो आणि पावसाळ्यात तिथेच पाणी साचून राहतं. दोन्ही टोकं सहन करू शकतील अशाच जाती तिथे टिकतात, त्यामुळे त्या दुसरीकडे सहसा नसतात. म्हणून तिथे खड्डे खणून वृक्षारोपण करू नका, कृपया. दरवर्षी कुणीतरी चांगल्या मनाने रोपं घेऊन येतं. झाड जगलं तर त्याच्या सावलीत ही फुलं मरतात आणि झाड मेलं तर खड्डा उरतो. रोपं लावायची हौस असेल तर पायथ्याला, वनखात्याला विचारून, स्थानिक जातीची.

गिधाडं अजून आहेत का?

आहेत. अंजनेरीच्या कड्यांवर लांब चोचीच्या गिधाडांची घरटी असतात, कड्याखाली पांढऱ्या विष्ठेचे पट्टे दिसतात ना, तिथे बघायचं, दुर्बिणीने. थंडीत वीण असते, एका जोडीचं वर्षाला एकच अंडं. एकच. म्हणून एक घरटं बिघडलं तरी त्या जोडीचं वर्ष गेलं.

नव्वदच्या दशकापासून देशातली गिधाडं संपत गेली. कारण निघालं डायक्लोफिनॅक, जनावरांना दुखण्यावर देतात ते औषध. ते दिलेलं जनावर मेलं आणि गिधाडाने खाल्लं की त्याच्या किडन्या बंद पडायच्या. शंभरातली पंच्याण्णवच्या वर गेली. २००६ मध्ये जनावरांसाठी या औषधावर बंदी आली. आपल्याच जिल्ह्यात हरसूलकडे खोरीपाड्याला वनखातं आणि गावकऱ्यांनी मिळून गिधाडांसाठी मेलेली जनावरं ठेवायची जागा केली आहे, तिथे औषधाचा अंश नसलेलं खाणं त्यांना मिळतं. गाववाले स्वतः त्यात आहेत याचं मला फार कौतुक आहे.

रामायणातला जटायू आपल्याला पाठ असतो. मग मारुतीच्या डोंगरावर त्याचे वंशज घरटं करून बसलेत ते जपणं ही सेवाच झाली की.

अंजनेरी राखीव आहे म्हणजे नक्की काय? आम्हाला जायला बंदी आहे का?

बंदी नाही. २०१७ मध्ये अंजनेरी संवर्धन राखीव क्षेत्र जाहीर झालं, ५.६९ चौरस किलोमीटर. वन्यजीव कायद्यात २००२ च्या दुरुस्तीने हा प्रकार आला, अभयारण्याएवढे कडक नियम नाहीत, जमीन सरकारचीच, पण देखरेखीच्या समितीत ग्रामपंचायतींचे लोक असतात. आपल्या नाशिकचंच बोरगड हे राज्यातलं पहिलं असं क्षेत्र, २००८ चं. तर नाक्यावर नोंद करायची, जे शुल्क असेल ते द्यायचं आणि जायचं. प्लास्टिक, दारू, आग, लाऊडस्पीकर, ड्रोन यातलं काही नेऊ नका. पायथ्याची देवळं पुरातत्त्वच्या कायद्यात येतात, त्यांच्यापासून शंभर मीटरात बांधकामाला मनाई आणि त्यापुढे दोनशे मीटर परवानगी लागते.

रस्ता किंवा रोपवे झाला तर म्हाताऱ्या लोकांची सोय नाही का होणार? तुम्ही विरोध का करता?

हा प्रश्न मनापासून विचारला जातो म्हणून मनापासूनच उत्तर देतो. माझी आई आता चढू शकत नाही. तिला एकदा माथ्यावरचं दर्शन व्हावं असं मलाही वाटतं.

पण काय काय मांडलं गेलं ते बघा. आधी पायथ्याच्या मुळेगावाकडून गाडीरस्ता वर आणायचा प्रस्ताव आला, त्याला वनस्पती अभ्यासक, पक्षी अभ्यासक, ट्रेकर सगळ्यांनी विरोध केला. मग केंद्र सरकारच्या पर्वतमाला या रोपवे योजनेतून अंजनेरी ते ब्रह्मगिरी रोपवे. रस्ता म्हणजे कातळ फोडणं, सुरुंग, आणि ज्या बोटभर मातीत ते कंद झोपलेले असतात ती खरवडून काढणं. रोपवे म्हणजे कड्यांच्या समोरून सतत हलणाऱ्या तारा, तेही गिधाडं जिथून उडतात तिथे. आणि गाड्या वर गेल्या की त्यांच्या मागे हॉटेल, टपऱ्या, पार्किंग, कचरा हे सगळं येतंच, सह्याद्रीतल्या किती माथ्यांवर आलंय बघा. फूल दुसरीकडे हलवता येत नाही आणि गिधाडाला नवा कडा दाखवता येत नाही, पण दर्शनाची सोय दुसऱ्या मार्गाने करता येते. डोली आहे, पायऱ्यांना कठडे लावता येतील, मधे बसायला कट्टे करता येतील, पिण्याच्या पाण्याची सोय करता येईल, आणि त्यातून गावातल्या पोरांना कामही मिळेल.

आईला मी हे सगळं सांगितलं होतं. ती म्हणाली, मग पायथ्यावरून हात जोडेन की, डोंगर काय देवापेक्षा वेगळा आहे का. आता दर हनुमान जयंतीला तिला फाट्यापर्यंत नेतो. खुर्ची टाकून बसते आणि डोंगराकडे बघत स्तोत्र म्हणते.

माकडांना केळी, चणे दिले तर चालतात ना? मारुतीचंच रूप आहे.

नका देऊ. वानरसेना म्हणून लोक प्रेमाने देतात हे मला कळतं, पण हाताने खायला मिळायची सवय लागली की ती पिशव्या ओढतात, लहान मुलांवर धावून जातात, पायऱ्यांवर माणसं घसरतात, आणि त्यांचं स्वतःचं रानातलं खाणं सुटतं. बिस्किटाचे पुडे तर प्लास्टिकसकट फाडून चघळतात. खाऊ बॅगेत, बॅगेची चेन बंद, हातात काही धरायचं नाही. नैवेद्य देवळात ठेवा.

पावसाळ्यात जावं का?

जावं पण शनिवार-रविवारी नाही. घळीतल्या पायऱ्यांवरूनच पाणी वाहायला लागतं आणि वर जोराचा पाऊस झाला की ते पाच-दहा मिनिटांत वाढतं, खाली उभ्या माणसाला अंदाज येत नाही. पाणी गढूळ झालं, आवाज बदलला की पायऱ्या सोडून कडेला उंचावर थांबायचं, पाणी उतरू द्यायचं, रील वगैरे राहू दे. धुक्यात पठारावर वाट चुकते, कड्याच्या कडेला जायचं नाही. वनखात्याने बंद ठेवलं असेल तर परत फिरा, नाक्यावरच्या माणसाशी हुज्जत घालू नका, तो गावातलाच असतो आणि अडकलेल्यांना आणायला रात्री तोच वर जातो.

तिथल्या गावकऱ्यांसाठी काय करता येईल?

आजूबाजूच्या वाड्यापाड्यांवर महादेव कोळी, ठाकर, वारली असे आदिवासी समाज राहतात. पायथ्याशी बायका करवंदं, काकड्या, लिंबूपाणी विकतात, ते घ्या, घासाघीस करू नका. जुनी देवळं बघायची असतील तर गावातल्या एखाद्या पोराला बरोबर घ्या आणि त्याच्या वेळेचे पैसे द्या. कुठल्या बांधापाशी कुठला दगड आहे, कुठल्या झाडाला काय म्हणतात, पूर्वी वणवा लागायचा तेव्हा लोक काय करायचे, हे त्याला माहीत असतं. निम्मं अंजनेरी मला अशाच लोकांनी दाखवलंय.

एकाच दिवसात सगळं बघायचं तर कसं करावं?

सप्टेंबरचा शेवट किंवा थंडी, आणि मधला वार. पहाटे नाशिकहून निघा, एसटीही मिळते, सातच्या आत पायऱ्यांना लागा. जैन लेण्यात थांबा. पहिल्या देवळात दर्शन, तळं, सीतागुंफा, मग माथा. माथ्यावरून ब्रह्मगिरी समोर दिसतो आणि हवा स्वच्छ असेल तर पलीकडचा हरिहर किल्लाही. अकराच्या सुमाराला उन्हाने हवा तापली की गिधाडं कड्यावरून सुटतात आणि पंख न हलवता वर वर चढत जातात, कधीकधी तुमच्या डोळ्यांच्या पातळीला येतात, तेव्हा बोलू नका, हात हलवू नका, नुसतं उभं राहा. दुपारी उतरून गावात जेवा. ऊन कललं की शेतातली देवळं बघा, कारण तेव्हा तिरक्या उजेडात झिजलेलं कोरीवकामसुद्धा उठून दिसतं, दुपारी तोच दगड सपाट वाटतो.